घंटीतली चिंधी

मेंढरं आबांच्या बंगल्यापुढून न्यायची, तर म्होरक्या मेंढ्याच्या गळ्यातल्या घंटीत चिंधी कोंबावी लागायची. गावचे बडे जमीनदार आबा दुपारचे झोपलेले असत. गावाला कर्ज देणारी सोसायटी त्यांची, चराईला जायची वाटही त्यांच्याच रानातून. आम्ही मेंढपाळाचे, मांडवगणच्या कडेला पत्र्याच्या खोलीत राहणारे. बंगला ओलांडेपर्यंत आई खोकलासुद्धा दाबून धरायची.

आबा वारले. चिंधी तशीच राहिली.

तोवर मी दौंडहून डेमू गाडीनं पुण्याला कॉलेजात जात होते. एम.ए.च्या प्रबंधाला विषय घेतला हुकूमशाही संपल्यानंतरचा स्पॅनिश सिनेमा. मेंढरं काय स्पॅनिश बोलत्यात व्हय, म्हणून गावात हसले. हसू देत. तिकडं हुकूमशहा मेला, लोकशाही आली, सेन्सॉर उठलं. आधी पडद्यावर सगळं उघडंवाघडं झालं. माणसं अजून दबकूनच बोलतात असे सिनेमेही आले. त्यातला एक मी घरी लॅपटॉपवर लावला आणि आईवडलांना मराठीत सांगत गेले. त्यातली म्हातारी गायब झालेल्या नवऱ्याचं नाव घेण्याआधी खिडकी लावते.

"त्यो मेला न्हवं? मग आता कुणाला भितीया?" आई म्हणाली.

वडील कोपऱ्यात काढून ठेवलेल्या घंटीकडं बघत राहिले.

प्रबंधाचं पहिलं पान मी त्या चिंधीविषयी लिहिलं. वडलांनी कौतुकानं टपरीवर सांगितलं. मग आबांचा मुलगा जीप घेऊन दारात आला. आवाज अगदी मऊ.

"ताई, आमच्या आबांवर लिहिलंय म्हणं. वाचा की."

मी वाचलं. त्यानं चहा संपवला.

"झ्याक लिहिलंय." तो वडलांकडं वळला. "आप्पा, मेंढरं कुठनं नेता सध्या?"

त्याला ते ठाऊक होतं. जीप गेल्यावरही आम्ही हळूच बोलत होतो. आई उठली आणि खिडकी लावून आली.

कॉलेजातले सर म्हणाले, ते पान नसलं तरी प्रबंध अडत नाही. खरंच अडत नव्हता. वडलांना म्हटलं, पान ठेवलं तर वाट जाईल. ते घंटीतली चिंधी बोटानं उपसत होते.

"ऱ्हाऊ दे पान. लांबनं जाऊ."

आबांच्या मुलानं वाटेवर तारेचं कुंपण घातलं. मेंढरं आता नदीकडच्या लांबच्या रस्त्यानं जातात, घंटी वाजत. जीप अधूनमधून दारापुढं थांबते. कुणी उतरत नाही, इंजिन चालूच असतं.

प्रबंध मंजूर झाला. पान त्यात आहे. आमच्या घरातली पहिली पदवीधर मी, आणि आता एम.ए.