गोबीचा रोवणा

माझ्या अक्षराची आणि चुकांची आधीच माफी मागते. चौथीनंतर शाळा सुटली. ऱ्हस्व-दीर्घ तेव्हाच कच्चे होते, आता तर हातही थरथरतो, ओळी खाली घसरतात. ही वही कोणाला दाखवायची नाही, तरी माफी मागितल्याशिवाय मला काही सुरूच करता येत नाही. सवयच तशी.

आणीबाणी उठली त्याच्या पुढच्या सालची गोष्ट. आमच्याकडे पवनीच्या बाजूला जिकडे पाहावे तिकडे धानाच्या बांध्या, बांध घातलेले शेताचे तुकडे. भाजी म्हणजे परसातली वांगी आणि वालाच्या शेंगा. भंडाऱ्याला एका लग्नात मी पहिल्यांदा फुलगोबी खाल्ली आणि ते पांढरे फूल मनातून जाईना. आमची बोडी, म्हणजे शेतातले लहान तळे, तिच्या काठची एक बांधी हलका, म्हणजे लवकर येणारा, धान निघाला की रिकामी राहायची. मी घरच्यांना, म्हणजे माझ्या मालकांना, भीत भीत विचारले. ते म्हणाले, "कर ना. पण बियाचे पैसे माह्यापाशी नाईत."

शेजारी एक मावशी राहायची, तळ्यातली मासोळी बाजारात विकणारी. नव्या जाळ्याच्या सुतासाठी जमवलेले चाळीस रुपये तिने लुगड्याच्या गाठीतून सोडून माझ्या हातावर ठेवले. "होळीच्या आत दे वो माय. उन्हाळ्यात तळं आटते, तेव्हाच मासोळी हाती लागते. जाळं नसलं तर काय पदर टाकू पाण्यात?"

बियाण्याच्या दुकानदाराने विचारले, "लावणी माहीत आहे ना बाई?" मला काहीच माहीत नव्हते. परक्या पुरुषाला विचारायची लाज वाटली. मी मान हलवली आणि पुडी घेऊन आले.

परसातल्या वाफ्यात बी टाकले, रोपे वीतभर झाली. आम्हाला लावणी एकच ठाऊक, धानाचा रोवणा. बांधीत बोडीचे पाणी सोडले, चिखल केला, चार बाया बोलावल्या. आम्ही ओळीने वाकून, गाणी म्हणत, तीन-तीन रोपे चिमटीत धरून चिखलात खोचली. "धानापेक्षा सोपं हाय वो हे," एक बाई म्हणाली. संध्याकाळी सगळी बांधी हिरवी दिसत होती. मला फार आनंद झाला होता.

चौथ्या दिवशी रोपे आडवी पडली. उपटून पाहिले तर मुळे सडलेली. घरचे बांधावर उभे राहून पाहत होते. "गोबीले बी धान समजलं काय वो तुम्ही!" म्हणून ते इतके हसले की खाली बसले. मग माझ्याकडे पाहिले आणि उठले. "वाफ्यात काही उरली काय?" त्यांनी हळूच विचारले.

बारीक म्हणून सोडलेली दीडशेक रोपे उरली होती.

मावशीला मी सगळे खरे सांगितले. तिने कपाळावर हात मारला. "तू मान हलवली? अन् माहे चाळीस रुपये त्या मानेवर!" पुढच्या बाजारी ती मला नदीकाठच्या एका भाजीवाल्याकडे घेऊन गेली. तिने विचारले, मी तिच्यामागे उभी राहून ऐकले. तो म्हणाला, वरंबे कर. एकेक रोप लाव, दीड-दीड हातावर, ऊन उतरल्यावर. पाणी मुळाशीच दे. आणि फूल मुठीएवढे झाले की त्याचीच पाने वर ओढून बांध, नाहीतर तुमच्याकडचे ऊन त्याला पिवळे करील.

आम्ही दोघांनी तसेच केले. दिवाळी झाली तरी दुपारचा चटका जात नव्हता. घरच्यांनी पळसाची पाने तोडून आणली आणि एकेका रोपावर टोपीसारखी ठेवली. मी दोन वेळा बोडीतून घागरीने पाणी घालायची. फुले धरली तेव्हा ओल्या तणसाने, धानाच्या पेंढ्याने, पाने बांधली. रोज सकाळी एखादी गाठ सोडून मी आत पाहायची, बाळंतिणीच्या खोलीत डोकावावे तसे. आत ते पांढरेशुभ्र बसलेले असायचे. परत बांधून टाकायची. "कितीदा पाहतं? नजर लागंल," घरचे म्हणायचे, आणि मी नसले की स्वतः पाहायचे.

उन्हाआधी विळ्याने कापायचे, ओल्या पोत्यात गुंडाळायचे आणि टोपली डोक्यावर घेऊन मावशीबरोबर बाजार गाठायचा. ती मला आपल्या शेजारीच बसवायची. "मासोळी घ्या! फुलगोबी घ्या!" दोन्ही तीच ओरडायची. मी पदर ओढून नुसते उचलून द्यायची. गिऱ्हाईक म्हणायचे, "बाई, गोबीले मासोळीचा वास येते." मावशी म्हणायची, "मग फुकटात दोन भाज्या झाल्या ना तुह्या!" तेल-मीठ घेऊन उरेल ते मी तिच्या हातावर ठेवायची, कधी तीन रुपये, कधी पाच.

होळीच्या आधीच्या बाजारी सहा रुपये बाकी होते आणि नऊ गोब्या. ऊन तापले होते, बांधूनही त्या पिवळ्या पडल्या होत्या. मावशी म्हणाली, "आज माहा घसा बसला. तूच ओरड."

मी म्हटले, "मावशी, सहा रुपयांच्या ह्या सगळ्याच घेऊन टाक ना."

"अन् जाळं काय गोबीच्या पानाचं विणू?"

मी तोंड उघडले. "फुलगोबी..."

"कोणाले सांगून राहिली? गोबीले?"

मग मी डोळे मिटून ओरडले. डोळे उघडले तर एक बाई समोर उभी. "पिवळी हाय वो ही."

"उन्हानं झाली बाई. चवीले तेच हाय. बारा आण्यात घेऊन जा." माझा आवाज मलाच परका वाटला. तिने एक नेली. मग दुसरी आली, तिच्याशी मी भावही केला, आणि बारा आण्यांच्या खाली उतरले नाही.

आठवी गोबी गेली तेव्हा सहा रुपये जमले. मी ते मावशीच्या ओंजळीत टाकले. तिने नाणी दोनदा मोजली, गाठीत बांधली आणि म्हणाली, "चाळीस झाले माय. फिटले."