‘चक्कर होगा’ म्हणालो त्या दुपारी

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. नीलमची नोकरी सीसीटीव्हीमुळे गेली नाही. माझ्यामुळे गेली.

दुबईत अल कुसैसमधल्या विंटेज गाड्यांच्या एका शोरूममध्ये मी सर्व्हिस मॅनेजर आहे. समीर मेकॅनिक, नीलम फ्रंट डेस्कवर. कंपनीचा नियम: नवरा-बायको एका ब्रांचमध्ये नकोत, एकाची बदली मुसफ्फाला. म्हणजे एक दुबईत, एक अबुधाबीत. म्हणून दोघांनी लग्न लपवलं. मला ठाऊक होतं. त्यांच्या रजिस्टर लग्नात साक्षीदार मीच होतो. नीलमला कामाला चिकटवलंही मीच, ‘स्टाफमध्ये नातेवाईक नाही’ या फॉर्मवर सही ठोकून.

त्या दुपारी मालकांनी केबिनमध्ये बोलावलं. स्क्रीनवर सकाळचं फुटेज, आवाज नाही. शंभर वर्षं जुन्या गाडीला सेल्फ नसतो. पुढून हँडल घालून फिरवावं लागतं. स्पार्कची वेळ चुकली की हँडल उलटा फटका मारतं. समीरला फटका बसला आणि तो थेट ऑइलच्या ट्रेमध्ये. नीलम घसरत धावली, ओढणीने त्याचं तोंड पुसायला लागली. तोंड आणखी काळं. तेवढ्यात कस्टमर आला. तिने तीच ओढणी बॉनेटवर फिरवली. समीरने ट्रेमधूनच सलाम ठोकला.

मालक डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. मीही. मग त्यांनी तोंड पुसतानाचं चित्र थांबवलं.

“हबीबी, ये दोनों मियाँ-बीवी हैं?”

“नहीं सर.”

“पक्का?”

“पक्का. थोडा चक्कर होगा.” वाटलं, दोन शब्द ऐकवतील आणि सोडून देतील.

त्यांचं हसू गेलं. “मियाँ-बीवी होते तो एक को मुसफ्फा भेजता. कस्टमर के सामने चक्कर? लड़की खलास. लड़का काम का है, रहेगा.”

मी हादरलो. खरं बोलावं तर माझा फॉर्म उघडा पडणार.

“ओके सर,” म्हणालो. “लेटर बनाता हूँ.”

संध्याकाळी नीलम ते लेटर घेऊन माझ्याकडे आली.

“काका, लग्नाचं सांगून टाकू का सरांना? फार तर मुसफ्फा ना?”

“वेडी आहेस का? समीरचीही जाईल.”

तिने ऐकलं. वर म्हणाली, “तुम्ही होतात म्हणून त्याची तरी वाचली.”

आज ती रत्नागिरीत आहे. समीर माझ्या हाताखाली, रोज ‘गुड मॉर्निंग काका’ म्हणतो. खोट्या फॉर्मवर सही करणारा पुढे फक्त तो फॉर्मच सांभाळत बसतो, एवढं मी शिकलो.

मालकांना खरं सांगणं आणि नीलमची माफी मागणं, ही दोन्ही कामं माझ्याकडून अजून झालेली नाहीत.