डोक्याचा तुकडा

हे गेले त्या वर्षी माझे जेवण पेजेवर आले होते. एकटीसाठी नारळ कोण खवणार, वाटप कोण वाटणार? जेवायला बसले की घास तोंडातल्या तोंडात फिरायचा. लेक आरोंद्याला दिलेली. ती रोज संध्याकाळी फोनवर विचारायची, "आये, काय जेवलंस?" मी पेज म्हटले की तिचा आवाज चढायचा. शेवटी तिने सांगूनच टाकले, "शिमग्यापर्यंत बघतंय. मगे घराक कुलूप घालून तुका हंय घेऊन येतंय."

जावयाकडे दोन दिवस पाहुणी म्हणून ठीक. उरलेला जन्म दुसऱ्याच्या स्वयंपाकघरात बसून काढायचा, या विचारानेच माझा जीव घाबरा व्हायचा.

एके सकाळी मासे विकणारी दारात आली. मी नको नको म्हणत असताना तिने पाटी उतरवून एक तांबोशी पायरीवर ठेवली.

"खातलो कोण?" मी म्हटले.

"तू खा गो," म्हणाली आणि चालू लागली.

ठेवला मासा टाकून कसा देणार? विळीवर घेतला. नारळ फोडला, वाटप वाटले, सारात कोकमाची दोन सोलं टाकली. वाढताना मात्र हात अडला. आमच्याकडे माशाचे डोके घरातल्या पुरुषाचे. माहेरी वडिलांचे, इथे आधी सासऱ्यांचे, मग यांचे. मी आपली शेपटीकडची. यांचा वाटा कुत्र्याला घालायचे मन होईना, म्हणून डोके माझ्याच ताटात घेतले.

कुठून खायचे तेच कळेना. हे कसे खायचे ते आठवले. आधी गालाचे मांस, मग डोळ्यामागचे मऊ, शेवटी हाडे चोखून बाजूला. तसेच केले आणि हुंदका फुटला. आठवण तर आलीच, पण मला भयंकर रागही आला. एवढी चव, आणि हा माणूस जन्मभर माझ्यासमोर बसून मुकाट खात राहिला! रडत रडत मी सगळे संपवले.

संध्याकाळी फोन आला.

"काय जेवलंस?"

"तांबोशी."

"डोक्या कोणाक वाढलंस?"

"माका."

"तुका?" तिने पुन्हा विचारले. मी म्हटले, "बरा लागता गो. तुझ्या बापाशीन माका कधी सांगल्यान नाय."

पलीकडे ती रडू लागली. मी तिला रडू दिले. मग म्हटले, "शिमग्याक तूच हंय ये. डोक्या तुका ठेवतंय."