डॉक्टरकाकांचा आवाज

आमच्या डॉक्टरकाकांनी जन्मात एकही पेशंट तपासला नाही. मात्र इटालियन सिनेमांत त्यांनी बारीकसारीक कामं करत इतके डॉक्टर वठवले की पुढे तेच नाव पडलं. जहाजावरचा डॉक्टर, हॉटेलातला डॉक्टर. कधी भारतीय, कधी इजिप्तचा, कधी तुर्की. "गोऱ्यांना काय, रंग सावळा आणि चेहरा गंभीर असला की भागतं," म्हणायचे. इथल्या बेडोकच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाण्याच्या टपऱ्यांच्या आवारात, कॉफी पिताना शेजारच्या टेबलावरचे चिनी अंकल त्यांना गुडघा दाखवायचे. काका गंभीरपणे "हं" करायचे, आणि अंकलना खरंच बरं वाटायचं!

म्हातारपणी रोम सोडून ते इथे लेकीकडे, प्रमिलाकडे राहायला आले. मी समोरच्या फ्लॅटमधली. तांजोंग पगार भागातल्या बँकेत दिवसभर डोकं पिकवून परतले की हे कॉरिडॉरमध्ये हजर. "या, बँकवाल्या बाई! आज कुणाला बुडवलंत?"

एकदा मी त्यांचा एक सिनेमा शोधून काढला आणि हसून हसून मेले. आमचे किरट्या आवाजाचे काका पडद्यावर चक्क गडगडत होते!

"अगं, तो मी नव्हेच," काका म्हणाले. "तेव्हा तिथे शूटिंगला आवाज घेतच नसत. नंतर कुणीतरी इटालियन येऊन माझ्या तोंडी बोलायचा. आम्ही नुसते ओठ हलवायचे. बाकीचे एक-दोन-तीन म्हणायचे. मी आपला मराठी बोलायचो."

"म्हणजे काय बोलायचात?"

"असंच गं. घरचं." आणि कपात बघत बसले.

हे 'घरचं' मी प्रमिलाला सांगितलं मात्र, तिचं डोकंच फिरलं. ती पुण्यात आईजवळ वाढली. वडील वर्षा-दोन वर्षांनी चॉकलेटं घेऊन उगवायचे. "त्यांना घर होतं कुठे? माझ्या दहावीला नव्हते. लग्नात अक्षता टाकल्या आणि दुसऱ्या दिवशी विमानात बसले. तेव्हा न दिसलेला बाप आता टीव्हीवर कशाला बघू?" तशी ती त्यांचं सगळं करायची. औषधं, मऊ भात, रात्री पायांना तेल. सिनेमा मात्र एकही बघितला नाही. काकाही तिला 'प्रमिला' अशी पूर्ण नावाने हाक मारायचे, घरमालकिणीला मारावी तशी. मला दोघांचाही राग यायचा.

"तू सांग ना तिला," काका मला म्हणायचे. "एकच बघ म्हणावं. जहाजाचा. आणि आवाज बंद करून बघ."

"तुम्हीच सांगा की!"

"मी कुठल्या तोंडाने सांगू?"

मी दोन-तीनदा विषय काढून बघितला. प्रमिला उठून ओट्यापाशी गेली आणि भांडी आपटायला लागली.

गेल्या महिन्यात काका दुपारचे जेवून आडवे झाले, ते उठलेच नाहीत. दिवसकार्य उरकलं, पाहुणे गेले, आणि प्रमिलाने मला बोलावलं. "लाव तो जहाजाचा सिनेमा," म्हणाली.

काका एका उमरावाच्या बायकोला तिचा नवरा गेल्याचं सांगत होते, त्या उसन्या, गडगडत्या आवाजात. प्रमिलाने तोंड फिरवलं. तेवढ्यात मला काकांचं सांगणं आठवलं. मी आवाज बंद केला.

आता नुसता चेहरा. डोळ्यांत पाणी, ओठ सावकाश हलतायत. प्रमिला पुढे सरकली. "मागे घे," म्हणाली. मी घेतलं. "अजून एकदा." या वेळी मलाही दिसलं. काका म्हणत होते, "पमे, जेवलीस का गं?"

"मला पमे फक्त बाबा म्हणायचे," ती म्हणाली. "मी लहान असताना." मग ती रडली, तेरा दिवसांत रडली नव्हती ते सगळं रडली. नाक पुसून टीव्हीकडे बघत म्हणाली, "जेवले हो, बाबा."

सकाळपासून चहाशिवाय तिच्या पोटात काही नव्हतं. मी उठले आणि कुकर लावला.