उमाबाईंचं मौन

डोंबिवलीच्या सरोज गुप्ते बाईंना १९५४ सालच्या त्या दुपारी एकच गोष्ट हवी होती, पुस्तकातून सुटका. शाळा सांभाळून अकरा वर्षं त्यांनी गेल्या शतकातल्या बायकांच्या मागे घातली होती. लिहिणाऱ्या बायकांवरचं पहिलं पुस्तक कुणी फारसं वाचलं नाही. आता प्रवास करणाऱ्यांवरचं दुसरं ठाण्याच्या छापखान्यात खिळे जुळवून तयार होतं. शेवटची प्रुफं पिशवीत होती. त्यांवर 'छापा' एवढं लिहिलं की डोळ्यांना आणि कंबरेला विश्रांती.

आधी फक्त जनाबाई कर्णिकांकडून मागून आणलेला फोटो परत करायचा होता. जनाबाई पंचाहत्तरीच्या, दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. त्यांची आत्या मनुबाई भावाबरोबर रामेश्वरला जाऊन आली होती आणि तिने ते मासिकात लिहिलं होतं. बाईंच्या पुस्तकाचं सातवं प्रकरण तिचं. भलती धीट बाई, वाटेत पंड्यांशीसुद्धा भांडलेली.

चहा झाल्यावर जनाबाईंनी ट्रंक चाचपून आणखी एक पिवळा पडलेला अंक काढला. "हेही आत्याचंच बघ. काशीचं."

बाईंनी नाव वाचलं. उमाबाई. म्हणजे सहावं प्रकरण! वैधव्य आलं आणि ही लेखणी कायमची मुकी झाली, असं त्यांनी प्रकरणाच्या शेवटी डोळ्यांत पाणी आणून जिच्याबद्दल लिहिलं होतं, तीच.

"अहो, ही उमाबाई वेगळी."

"वेगळी कुठली? सासरी उमा, माहेरी मनू. नवरा गेल्यावर माझ्या वडिलांनी तिला इकडे आणलं. इथे तिला उमा कोण म्हणणार?"

बाईंना स्वतःचाच संताप आला. त्यांचंही नाव लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीने लिहून बदललेलं, तरी अकरा वर्षांत एवढं सुचू नये! एका बाईच्या त्यांनी दोन केल्या होत्या, आणि वर पहिलीला भित्री ठरवून दुसरीचं कौतुक केलं होतं.

आता दोन प्रकरणं मोडून एक करायचं म्हणजे पुढची सगळी पानं हलणार, छापखान्यातले लोक कपाळाला हात लावणार, आणखी सहा महिने जाणार. नको वाटलं. अगदी नको. आणि कळणार होतं कुणाला? जनाबाईंना तर अक्षर दिसत नव्हतं. बाईंनी पिशवी उचलली आणि त्या उठल्या.

"तुझं गं माहेरचं नाव काय?" जनाबाईंनी सहज विचारलं.

"तुळसा," बाई म्हणाल्या. स्वतःच्या तोंडून ते ऐकताना त्यांनाच चमत्कारिक वाटलं. माहेरी हाक मारणारं आता कुणी उरलं नव्हतं.

"मग तुळसा, अजून घोटभर चहा टाकू?"

बाई मटकन खाली बसल्या. त्यांना रडू आलं, निम्मं थकव्याचंच. डोळे पुसून त्यांनी प्रुफं काढली आणि सहाव्या प्रकरणाच्या शेवटच्या ओळीवर काट मारली.

"टाका," त्या म्हणाल्या. "मला वेळ लागणार आहे."