लाल चिंधीचा बावटा

काल सकाळी गस्तीच्या बोटीने आमच्या कोळीवाड्यातल्या काशीमावशीचं जाळं फाडलं. जाळं कुठे आहे ते दाखवणाऱ्या तरंगत्या बोयावर तिने लुगड्याची लाल चिंधी बांधली होती, लांबून दिसणारी. तरी बोट वरून गेली. आज मावशी धक्क्यावर जाळं सांधतेय, जाळ्याविना घरची होडी बंद आहे आणि क्षितिजावर युद्धनौका उभी आहे. समुद्राला कुंपण नसतं. म्हणून राखणीला खोलवर नौदल, अलीकडे तटरक्षक दल, किनाऱ्याशी सागरी पोलीस. पण परकी होडी दिसली की पहिली खबर मासेमारीला गेलेल्या मावशीच्या मुलानेच द्यायची! मी चिडलो, तर मावशी म्हणाली, "राखन करू दे रं, पन राखनदारानं आमचंच शेत तुडवू नये." तुम्ही फिरायला येणारे धक्क्यावरून युद्धनौकेचे फोटो काढता ना? मग गस्तीच्या बोटीलाही ओरडून सांगा: चिंधी दिसली की वळा.