ग्रुनविकचा मासा

ग्रुनविकच्या मासळी कारखान्यात तवमणी पहिल्यांदा आली तेव्हा तिला नॉर्वेजियनचा एक शब्द येत नव्हता आणि मुकादम ओडवारला शिव्यांपलीकडे फारसे शब्द लागत नव्हते. त्यामुळे दोघांचं छान जमलं. त्याने सुरी धरून दाखवली, तिने धरली. श्रीलंकेतल्या जाफन्याहून निघालेली तिची माणसं कुणी टोरंटोला गेली, कुणी लंडनला. तिच्या आणि तिच्या नवऱ्याच्या, नवरत्नमच्या, नशिबी मात्र हे नॉर्वेचं उत्तरेचं टोक आलं. इथे हिवाळ्यात सूर्य रजेवर जातो आणि गाव कॉड माशाच्या जिवावर जगतं. पहिल्या हिवाळ्यात ती रडली, दुसऱ्यात चिडली, तिसऱ्यापासून तिने दिवे लावायला सुरुवात केली आणि ती इथलीच झाली. भाषाही आली, ओडवारकडूनच, म्हणजे शिव्यांसकट.

मोठ्या जहाजांना सरकारने एका अटीवर मासेमारीची परवानगी दिली होती. पकडलेला मासा ग्रुनविकच्या धक्क्यावर उतरवायचा, म्हणजे कारखाना चालेल आणि गाव जगेल. गावाने आपल्या हक्काचा मासा त्या शब्दावर देऊन टाकला. काही वर्षं तो उतरलाही. मग जहाजं गावासमोरून दिवे मिरवत सरळ दक्षिणेकडे जायला लागली. कारखान्यातल्या बायका खिडकीशी कॉफी घेऊन बघत बसायच्या.

"हात हलवा की गं," ओडवार म्हणायचा. "आपलाच मासा चाललाय. एवढा तरी निरोप द्या मेल्याला."

अट मोडली म्हणून कुणी कुणाचा कान धरला नाही. कारखान्याला कुलूप लागलं. त्याच आठवड्यात तवमणी पक्षाच्या गावशाखेत गेली आणि म्हणाली, "मला उभं राहायचंय. मासा परत आणायचाय." दुसरं काही तिला राजकारणातून कधी नकोच होतं.

गावाने तिला निवडून दिलं आणि गावसभेने तिला नवागतांच्या समितीवर बसवलं. गावात नवागतांचं घर एकच, ते तिचंच. समितीची बैठक रात्रीच्या जेवणाला बसलं की होऊन जायची. "अध्यक्षीणबाई, रस्सा वाढा," नवरत्नम म्हणायचा.

पुढे ती जिल्ह्यावर गेली आणि तिथेही तेच झालं. मग ती संसदेत गेली. तिने मत्स्य समिती मागितली. पक्षाच्या लोकांनी मान तिरकी करून, अगदी मायेने सांगितलं, "तवमणी, स्थलांतरितांच्या प्रश्नावर तुझा शब्द कोण खोडणार?"

"आणि माशांच्या प्रश्नावर?"

"त्याला काय, पुष्कळ माणसं आहेत."

त्या पुष्कळ माणसांतल्या निम्म्यांनी जिवंत कॉड बघितलेला नव्हता. तवमणीच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. पण ती दात-ओठ खात पुढच्या निवडणुकीची वाट बघायची, कारण गावाला शब्द दिला होता.

शेवटी पक्ष सत्तेवर आला. पंतप्रधान शेर्स्तीचा फोन आला तेव्हा तवमणी कांदा चिरत होती.

"मंत्रिमंडळात ये," शेर्स्ती म्हणाली.

तवमणीने सुरी खाली ठेवली. "कोणतं खातं?"

"स्थलांतरितांचं. अगं, तुझ्याशिवाय आहे कोण आमच्याकडे?"

नाही म्हणावं, असं तिला फार वाटलं. पण बाहेर राहून तिने इतकी वर्षं ओरडून बघितलंच होतं. आत शिरलं तर निदान त्या टेबलावर माशाचा विषय काढता येईल. ती हो म्हणाली. राजवाड्याच्या पायऱ्यांवर नावं जाहीर होईपर्यंत कुणापाशी अवाक्षर काढायचं नाही, हा तिथला रिवाज. नवऱ्यालाही सांगायचं नाही. नवरत्नमने तिचा चेहरा बघितला आणि उरलेला कांदा मुकाट्याने चिरायला घेतला.

ओडवारला मात्र चेहरा दिसत नव्हता. त्याने गावाहून फोन केला.

"वर्तमानपत्रवाल्यांच्या अंदाजात तुझं नाव आहे. खातं मिळालं ना आपलं?"

"ओडवार, मला बोलता येत नाही."

"बस्स बस्स! कळलं."

"अरे, काही कळलेलं नाहीये तुला—"

"म्हटलं ना, कळलं!" आणि त्याने फोन ठेवला. त्या किनाऱ्यावरची माणसं अशीच. मनासारखं झालं नसलं तर तोंडभर शिव्या देतात आणि झालं असलं की गप्प बसतात. त्यामुळे गप्प बसलेल्या माणसाचं काम झालं, असंच सगळे धरून चालतात.

ठरल्या दिवशी मंत्री राजवाड्यातून बाहेर आले. समोर आपापल्या गावची माणसं फुलं घेऊन उभी होती. त्यांत ओडवार होता, लग्नाच्या कोटात. त्याच्या हातात फुलं नव्हती. ग्रुनविकच्या काठ्यांवर वाऱ्याने सुकवलेला, लाकडासारखा कडक, हातभर लांबीचा कॉड होता आणि त्याच्या शेपटीला लाल फीत बांधलेली होती.

नावं वाचली गेली. मत्स्यमंत्री, सीवर्ट कोणीतरी, दक्षिणेकडचा तरुण वकील. मग स्थलांतरितांच्या खात्याच्या मंत्री, तवमणी नवरत्नम.

ओडवारचा हात तसाच पुढे राहिला. एवढ्या वर्षांत प्रथमच त्याला एकही शिवी सुचली नाही. तवमणी पायऱ्या उतरून गेली आणि तिने मासा छातीशी धरला. लाज कुणाची वाटत होती ते तिला सांगता आलं नसतं, पण वाटत होती.

एक वार्ताहर मुलगी धावत आली. "किती गोड! तू खाऊन बघितलायस का हा? वास सहन होतो तुला?"

तवमणीची अर्धी जवानी त्या वासात गेली होती. ती काही बोलायच्या आत सीवर्ट पुढे आला. "एक फोटो काढू का याच्याबरोबर? जरा दे ना. माझ्या खात्याचा आहे."

"घे," तवमणी म्हणाली. "पण अट आहे. हा ग्रुनविकच्या धक्क्यावर आणून उतरवायचा. तू स्वतः."

"शब्द दिला!" तो कॅमेऱ्यांकडे बघून हसला. कॅमेरेही हसले. फोटो झाले आणि मासा काळ्या गाडीत बसून निघून गेला.

"असाच नेतात," ओडवार म्हणाला. "आणि तूही दिलास, बाई."

दुसऱ्या दिवशी एका वर्तमानपत्राने मथळा दिला: नव्या मंत्री आपल्या सुक्या माशाच्याही प्रेमात.

मंत्रिमंडळात तिने पहिल्याच बैठकीत जहाजांच्या अटीचा विषय काढला. शेर्स्ती हळूच म्हणाली, "तवमणी, आपापल्या खात्याचं बोलू या." दुसऱ्यांदा काढला तेव्हा सीवर्टने समजुतीच्या सुरात बाजारभाव समजावला. तिसऱ्यांदा विषयच पुढे ढकलला. ती शाळा उघडत होती, फिती कापत होती, सगळीकडे तिला विचारत होते की तू मूळची कुठली. "ग्रुनविकची," ती सांगायची. माणसं हसायची आणि पुन्हा विचारायची.

मग एकदा मासळी उद्योगातल्या परदेशी कामगारांवर बोलायला सीवर्टने तिला त्याच्या कार्यालयात बोलावलं. हे तिच्या खात्याचं होतं. ती आत गेली आणि समोर भिंतीवर तिचा मासा. लाल फितीसकट, खाली पितळी पाटी: किनाऱ्यावरच्या जनतेकडून भेट.

"उतरवलास ना तू धक्क्यावर?" तिने विचारलं.

"अगं, ती गंमत होती."

"गावाला माहीत नव्हतं."

ती खुर्चीवर चढली, मंत्रिणीच्या बुटांसकट, आणि तिने मासा खिळ्यावरून काढला. सीवर्ट "तवमणी, तवमणी" करत राहिला. ती तशीच मासा काखेत मारून पंतप्रधानांच्या कचेरीत गेली. शेर्स्तीने आधी माशाकडे बघितलं, मग तिच्याकडे.

"मी चालले," तवमणी म्हणाली. "माझ्याशिवाय कोण आहे तुमच्याकडे, ते आता शोधा."

विमानात डोक्यावरच्या कप्प्यातून वास सुटला, तेव्हा लोकांनी नाकं मुरडली. तिने ऐटीत खिडकीबाहेर बघितलं.

धक्क्यावर ओडवार उभा होता. कारखान्याच्या दाराशी गंजलेला मोठा काटा होता, पूर्वी जहाजांचा माल त्याच्यावर तोलायचे. ओडवारने मासा त्याच्यावर ठेवला.

काटा जागचा हलला नाही. टनांसाठी केलेला, एका सुक्या माशाने काय हलणार?

तवमणी पालथ्या क्रेटवर बसली आणि मोठ्याने रडली, रागाने. अर्ध्या आयुष्याचं राजकारण, आणि उतरलं काय, तर एवढंसं. ओडवारने तिला रडू दिलं. मग त्याने एक जुनी, ठेवणीतली शिवी हासडली. जहाजांना, सरकारला आणि काट्यालाही.

"कालवण करायचं म्हटलं तर आठवडाभर भिजवावा लागेल," तो म्हणाला. "तुला परत कधी जायचंय?"

तवमणीने नाक पुसलं.

"घाल भिजत," ती म्हणाली. "नवरत्नम येतोय सामान घेऊन. आणि शाखेची बैठक कधी आहे, ते सांग."